केस स्वतःचे

मित्रांनो, माझ्या अंगावर एक बाई राहते. तेहेतीस वर्षे ती चोवीस वर्षांचीच राहिली. यंदा दिवाळीच्या आधी एका दुपारी ती एकदम सत्तावन्न वर्षांची झाली. हे कसे घडले ते सांगितल्याशिवाय मला चैन पडणार नाही.

मी छापखान्यातला एक जुना ठसा. माणसे मला ब्लॉक म्हणतात. तुम्ही असले काही पाहिले नसेल, म्हणून आधी माझे रूप सांगतो. तळहाताएवढा जस्ताचा पत्रा, त्याखाली सागाचा ठोकळा आणि दोघांना धरून ठेवणारे चार बारीक खिळे. पत्र्यावर बारीक बारीक ठिपके आहेत. ते दाट असतील तिथे कागदावर काळे उमटते, विरळ असतील तिथे पांढरे. लांबून पाहिले की त्या ठिपक्यांची एक बाई होते. कागदावर ती डावीकडे पाहते. माझ्यावर उजवीकडे पाहते, कारण आम्हा ठशांचे जग उलटे असते.

त्या बाईचे नाव कुंता. अर्जुनी मोरगावजवळच्या एका खेड्यातली. आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत दिवाळी झाली की गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते, आणि मंडई म्हटली की नाटक आलेच. पार होळीपर्यंत. दिवसा धान कापायचे आणि रात्री नाटक पाहायचे, अशी इथली रीत. कुंताच्या गावातून नाटकात उभी राहिलेली ती पहिलीच बाई. नाटक कंपनीचे मालक केवलरामजी तिला गोंदियाच्या एका स्टुडिओत घेऊन गेले आणि पत्रकासाठी तिचा फोटो काढला. रोवणीचे, म्हणजे धानाच्या लावणीचे, दिवस होते. तिच्या नखांतला चिखल अजून निघाला नव्हता, म्हणून फोटोवाल्याने हात फोटोत येऊ दिले नाहीत.

तो फोटो नागपूरला गेला आणि तिथे माझा जन्म झाला. कुंताच्या हनुवटीवर गोंदणाचे तीन ठिपके होते. मला घडवणाऱ्या कारागिराला ते शाईचे डाग वाटले. त्याने ते साफ करून टाकले. म्हणजे बघा, पहिल्याच दिवसापासून मी थोडा खोटा होतो.

अर्जुनीला बकारामभाऊंचा छापखाना होता. पायाने चालवायचे मशीन, भिंतीला लाकडी खाने, खान्यांत शिशाची अक्षरे. गुलाबी, पिवळ्या, पोपटी कागदांवर नाटकाची पत्रके निघत. वरती नाटकाचे नाव, मधोमध मी, आणि माझ्याखाली ठळक अक्षरांत ‘कु. कुंता’. काम झाले की बकारामभाऊ मला रॉकेलमध्ये बुडवलेल्या ब्रशने पुसत आणि मऊ फडक्यात गुंडाळून ठेवत. त्यांनी बायकोच्या पाटल्याही एवढ्या जपल्या नसतील.

काय दिवस होते ते. माझी पत्रके चुलीमागच्या भिंतींवर चिकटवलेली असत. पानठेल्यांवर, धानाच्या कोठ्यांवर, एसटीच्या पाठीवर मी असे. कुंता ज्या गावात नाटकाला जाई तिथे मी आठ दिवस आधीच पोहोचलेला असे. तिचे लग्न झाले, तरी पत्रकावर ‘कु.’ राहिले. तिला दोन मुली झाल्या, तरी ‘कु.’ राहिले. तिचा नवरा देवचंद फार बोलणारा गडी नव्हता. बायकोचे नाटक त्याने कधी पुढे बसून पाहिले नाही. पण तिची नाटकातली लुगडी तो स्वतः तलावावर धुऊन आणी आणि अंगणात वाळत घाली. कोणी टोमणा मारला तर म्हणे, ‘राणीचं लुगडं हाय, धोब्याले नाई देत.’

वर्षे गेली, मित्रांनो. कुंता तिशीची झाली, चाळिशीची झाली. मी चोवीसचाच. दर दसऱ्याला केवलरामजी छापखान्यात येत आणि सांगत, कुंताबाईचा जुनाच ब्लॉक लावा. त्यांना वाटे, त्या चेहऱ्याने मंडप भरतो. माझीही छाती फुगे. मला कुठे कळत होते, मी कोणाची जागा अडवून बसलो आहे.

त्याच कंपनीत खुमेंद्र नावाचे नट होते. कुंतापेक्षा सहा वर्षांनी मोठे. त्यांचे ठसे मात्र बदलत गेले. आधी बिनमिशांचा, मग मिशांचा, मग पोट सुटल्यावर फक्त मानेपर्यंतचा. वय वाढले तसे त्यांच्या नावाआधी ‘ज्येष्ठ’ लागले, मग ‘नटसम्राट’ लागले. साठी ओलांडली तरी ते नायकच आहेत, आणि त्यांच्या नायिका दर तीन वर्षांनी बदलतात. कुंता आधी त्यांची प्रेयसी झाली, मग वहिनी, मग आई. केस मात्र तेवढेच काळे ठेव, असे तिला बजावले होते, कारण पत्रकावर ते काळे होते.

एकदा तर मोठीच गंमत झाली. एका गावच्या मंडई समितीचे लोक स्वागताला उभे होते. गाडीतून कुंता उतरली. समितीवाल्याने हातातले पत्रक पाहिले, मग तिच्याकडे पाहिले आणि विचारले, ‘बाई, तुमची पोरगी काऊन नाई आली?’

केवलरामजींना घाम फुटला. कुंताने पत्रक हातात घेतले, माझ्याकडे नीट पाहिले आणि शांतपणे सांगितले, ‘तिले ताप आला. मी तिची माय. आज मीच करतो.’

आणि तिने केले. गाव म्हणाले, पोरीपेक्षा माय भारी. पुढच्या वर्षी त्या गावाने मुद्दाम निरोप धाडला, कुंताच्या आईलाच पाठवा. ही गोष्ट ती सगळ्यांना हसत हसत सांगे. बकारामभाऊंनाही सांगितली. पण जाताना तिने मला फडक्यातून काढले आणि पालथे ठेवले. त्या दिवशी मला पहिल्यांदा माझी लाज वाटली.

मग इतरांकडे नवी मशिने आली, मग फ्लेक्स आले. पायाच्या मशीनवर धूळ बसली. बकारामभाऊ लग्नपत्रिकांवर आणि पावतीपुस्तकांवर दिवस काढू लागले. मी खालच्या खान्यात एका मोडक्या ‘श्री’च्या शेजारी पडून राहिलो. उंदराने माझे फडके नेले. कोणी विचारले नाही.

आता यंदाची गोष्ट.

केवलरामजींनी नवे नाटक घेतले. त्यात एक म्हातारी आहे. गावचा जुना तलाव बुजवून प्लॉट पाडायचे ठरते, तिची स्वतःची मुलेही त्यात सामील होतात, आणि ही म्हातारी तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, जाऊन बसते. उठतच नाही. सगळे नाटक तिच्यावर उभे. लोक तिला ‘तलावाची आजी’ म्हणतात.

कुंताने वाचन ऐकले आणि तिला वाटले, हे काम माझेच. तिचे सासर कोहळ्यांचे. तलाव बांधणे आणि राखणे हे त्या घराण्याचे पिढ्यांपासूनचे काम. पावसाळ्यात पाळीला भेग पडली तर कुठे माती टाकायची आणि कुठे पळसाच्या फांद्या दाबायच्या, हे तिने सासऱ्यांच्या मागे टोपली घेऊन शिकलेले. आणि आता तिचे वयही बसत होते. तीन वर्षांपूर्वी देवचंद गेला, तेव्हापासून तिने केसांना रंग लावणे सोडले होते. डोके कापसाच्या बोंडासारखे पांढरे झाले होते.

केवलरामजींनी ते काम प्रेरणाला दिले. प्रेरणा सव्वीस वर्षांची, गुणी मुलगी. तिच्या केसांना पावडर लावायची आणि डोळ्यांखाली पेन्सिलने रेघा ओढायच्या, असे ठरले. कुंताला त्यांनी प्रॉम्प्टिंगला बसवले, म्हणजे विंगेत वही घेऊन बसायचे आणि प्रेरणा अडली की शब्द पुरवायचे. वरून सांगितले, पत्रकावर मात्र तुझाच फोटो टाकतो, जुना. खाली ‘विशेष आकर्षण’. तू नाटकाआधी येऊन दिवा लाव आणि नमस्कार करून जा. लोकांना फोटोतली कुंता हवी आहे. खरी पाहिली तर म्हणतील, फसवले.

केवलरामजी वाईट माणूस नाहीत, मित्रांनो. त्यांनीच तिला पहिले काम दिले होते. पण सत्तावन्न वर्षांच्या बाईला सत्तर वर्षांच्या म्हातारीचे काम देता येत नाही, हे त्यांना कोणी शिकवले असेल? मला वाटते, मीच शिकवले.

आठ दिवसांनी भर दुपारी कुंता छापखान्यात आली. पंधरवड्यात केशोरीची समिती नाटक ठरवायला येणार होती, आणि केशोरीची मंडई मोठी. तिथे एकदा एखादे नाटक ज्या नटांसह ठरले, त्याच नटांसह ते आसपासची गावे ठरवतात. तिथे प्रेरणा आजी झाली तर होळीपर्यंत तीच आजी. कुंताला हे पक्के ठाऊक होते. असे काम आयुष्यात पुन्हा येणार नाही, हेही.

तिने बकारामभाऊंना मला शोधायला लावले. त्यांनी खाली वाकून, खोकत, मला बाहेर काढले आणि बाहीने पुसले. कुंता स्टुलावर बसली. पदराच्या गाठीतून तिने दाभण काढले, धानाची पोती शिवायचे. आणि दाभणाचे टोक माझ्या पत्र्यावर टेकवले.

‘काय करून राहिल्या कुंताबाई?’ बकारामभाऊ दचकले. ‘ब्लॉक केवलरामजीचा हाय.’

‘अन् चेहरा कोनाचा हाय?’

बकारामभाऊंनी पुढे केलेला हात मागे घेतला.

आता छापखान्याची एक गंमत ऐका. ठशावर ओरखडा पडला की तेवढ्या जागेला शाई लागत नाही. कागदावर तिथे पांढरी रेघ उमटते. म्हणून तर बकारामभाऊ मला इतकी वर्षे फडक्यात जपत होते. कुंता इतकी वर्षे छापखान्यात ये-जा करणारी, तिला हे ठाऊक होते. तिने माझ्या काळ्याभोर केसांवर, भांगापासून कानापर्यंत, पहिली रेघ ओढली. मग दुसरी. जस्ताचा किस तिच्या मांडीवर पडत होता. मला दुखले का? दुखले. तेहेतीस वर्षे ज्या गुळगुळीतपणाचा मला गर्व होता, तो ती केसागणिक खरवडत होती. मधेच ती भिंतीवरच्या आरशात स्वतःकडे पाही, आणि पुन्हा खाली वाके. कपाळावर तीन रेघा. डोळ्यांच्या कडांना चिमणीच्या पायांसारख्या. हनुवटीवर तिने दाभण टोचून तीन ठिपके दिले, कारागिराने पुसलेले, कागदावर पांढरे उमटणार असले तरी, आणि म्हणाली, हे माहे माहेरचे.

बकारामभाऊ उठले. त्यांनी मशीनला तेल घातले. उरलेला पिवळा कागद कापला. अक्षरे जुळवताना सवयीने ‘कु.’ लावले, ते कुंताने बोटाने उचलून परत खान्यात टाकले. मजकूर तिनेच सांगितला:

तलावाची आजी
कुंता
वय सत्तावन्न
केस स्वतःचे

पहिला कागद निघाला. कुंताने तो उजेडात धरला आणि बराच वेळ पाहिला. मग हसली. मला सांगता येणार नाही तिला काय वाटले, पण मला काय वाटले ते सांगतो. मी पहिल्यांदा तिच्यासारखा दिसत होतो.

दोनशे पत्रके घेऊन ती स्वतः केशोरीच्या बाजारात गेली आणि वांगी विकणाऱ्या बायांपासून समितीच्या सभासदांपर्यंत सगळ्यांना एकेक देऊन आली.

केवलरामजी संतापले. समितीच्या दिवशी त्यांनी बकारामभाऊंना मला घेऊन ऑफिसात बोलावले. मला टेबलावर ठेवले, चहाच्या कपांमध्ये, पुराव्यासारखे. समोर केशोरीचे रूपलाल बसले होते, समितीचे प्रमुख, आणि दोघे सभासद. त्यांच्या हातात पिवळे पत्रक होते. भिंतीशी प्रेरणा, केसांत पावडर घालून तयार. दाराशी कुंता, उभी.

केवलरामजी म्हणाले की हे पत्रक कंपनीचे नाही, या बाईंनी ब्लॉकचे वाटोळे केले आणि कंपनीच्या नावाचेही. रूपलाल म्हणाले, आम्हाला तुमच्या भांडणाशी काय करायचे. काम कोणी का करेना, गाव पहाटेपर्यंत जागले पाहिजे. आधी प्रेरणाने उतारा म्हटला. चांगला म्हटला. पाठांतर पक्के, आवाज खणखणीत.

मग कुंता पुढे आली. ‘एक डाव माहं बी पाहा,’ ती म्हणाली. ‘नाई पटलं तं मी दिवा लावतो अन् घरी जातो.’

तिने भाषण सुरू केले नाही. ती आधी खाली बसली. फक्त बसली, मित्रांनो. एक हात गुडघ्यावर ठेवला, दुसरा जमिनीकडे नेला, जमीन लांब आहे असे वाटून क्षणभर थांबली, मग अर्ध्यातून कंबर सैल सोडली आणि पाळीच्या मातीवर टेकावे तशी फरशीवर टेकली. बसल्यावर हाताने माती चाचपली. तिथे माती नव्हती, फरशी होती. पण सभासदांपैकी एकाने पाय मागे घेतले, जणू चिखल लागेल. मग ती बोलली, हळू, न ओरडता:

‘तुमच्या आजाच्या आजानं ह्या पाळीवर टोपली वाहली. मी उठत नाई. आधी मले उचला, मंग पाळ फोडा.’

आणि मग तिने उठायचा प्रयत्न केला, उताऱ्यात म्हातारीला पाळ न सोडता फक्त पाणी प्यायला उठायचे असते. हात टेकला, गुडघा उचलला, पुन्हा बसली. रूपलाल खुर्चीतून उठले आणि त्यांनी तिला हात दिला. नकळत. कुंताने तो हात चापट मारून झटकला. ‘हात नोको देऊ, बाबू. आज उठवशील, उद्या काढशील.’ हे नाटकात लिहिलेले नव्हते.

रूपलाल तसेच उभे राहिले, हात पुढे. मग प्रेरणा केवलरामजींकडे वळून बोलली.

‘काकाजी, मी पंधरा दिवस बसून राहिली अन् उठून राहिली. मले अजून कोनीच हात नाई देला.’ तिने केसांतली पावडर झटकली. ‘मले सुनेचं काम द्या.’

केवलरामजींनी शेवटचे एक सांगून पाहिले, की बाई म्हातारी झाली आहे, रात्रभर टिकेल का. रूपलाल खाली बसत म्हणाले, ‘मंग आजी का कवळी रायते का जी? आमाले हेच पायजे.’

केशोरीचे नाटक झाले. मी तिथे नव्हतो, बकारामभाऊ होते. त्यांनी येऊन सांगितले की सुरुवातीला मागच्या पोरांनी शिट्या मारल्या. एकाने ओरडून विचारले, आजी, जुना फोटो आहे का. कुंताने पाळीवरून मान वळवली आणि त्याच सुरात म्हणाली, ‘माहा फोटो कायले पायतं, बाबू, तलाव पाय.’ मंडप हसला, आणि मग पहाटेपर्यंत पोरेसुद्धा जागची हलली नाहीत.

सगळे गोड झाले असे मी सांगणार नाही. काही गावांनी आजी म्हणून कुंताच मागितली, काही म्हणाली, प्रेरणाच पाठवा. जिथे प्रेरणा मागतात तिथे केवलरामजी आजही हो म्हणतात. प्रेरणा नाही म्हणते, मग भांडण होते. कुंता वही घेऊन विंगेत बसायला आता तयार नाही. तिने स्पष्ट सांगितले आहे, आजी मी नाही तर त्या गावात नाटकच नाही. दोन गावांतले नाटक असे मोडले. तिला त्याचे वाईट वाटले, पण शब्द तिने फिरवला नाही.

केवलरामजींचा मुलगा ओमेश मोबाईलवर फ्लेक्स बनवतो. तो कुंताचा नवा फोटो काढायला आला, भर उन्हात, तलावाच्या पाळीवर. फोटो निघाला तर तिच्या कपाळावर एकही रेघ नाही. मोबाईल आपोआप पुसतो म्हणे. ओमेश म्हणाला, ‘मावशी, एकदम मस्त आ गया, चाळीसची दिसता.’ कुंताने फोटो पाहिला आणि मोबाईल परत दिला. सांगितले, हे तेहेतीस वर्षे सोसले, आता नाही. बकारामभाऊंकडे जा आणि तो खरवडलेला ब्लॉक घे. ओमेशने डोके खाजवले, पण आला. माझा छाप काढून घेऊन गेला. आता अर्जुनीच्या चौकात मी दहा फूट उंच उभा आहे, सगळ्या पांढऱ्या रेघांसकट. शेजारी खुमेंद्र आहेत, काळ्या मिशांत.

आता शेवटी मागणे. इतर जुन्या वस्तू तुम्हाला सांगतात, आम्हाला जपा, पुसा, झिजू देऊ नका. मी तसे सांगणार नाही. मला फडक्यात गुंडाळून जपले, तेव्हाच सर्वांत मोठी चूक झाली. तुमच्या ओळखीत एखादी बाई वयाने मोठी होऊन काही करायला उभी राहिली असेल, तर तिला तिचा जुना फोटो दाखवू नका. आणि कोणी माझ्या रेघा भरून मला पुन्हा गुळगुळीत करायला निघाला, तर त्याचा हात धरा.

पुढच्या दसऱ्याला कुंता पुन्हा छापखान्यात येणार आहे, दाभण घेऊन. वर्षभरात जेवढे केस पिकतील तेवढ्या रेघा ती आणखी ओढणार आहे. माझ्या पत्र्यावर अजून पुष्कळ जागा आहे. बकारामभाऊ, शाई कालवून ठेवा.